किती रिश्टर?

भूकंप झाला की आपल्याकडे पहिला प्रश्न ठरलेला. "किती रिश्टर?"

टीव्हीच्या तळाशी आकडा धावायला लागतो, नातेवाइकांचे फोन सुरू होतात. आकडा कळला की मंडळी एकतर "हॅ, साडेतीनच तर होता" म्हणून कुशीवर वळतात, नाहीतर "बापरे, सहा पॉइंट दोन!" म्हणून टीव्हीसमोर बसकण मारतात. तापाची डिग्री, पावसाचे मिलिमीटर, तसाच हा भूकंपाचा आकडा. तो कळला की सगळं कळलं, असं आपल्याला वाटतं.

मला हे बरेच दिवस खटकतंय. त्या आकड्याबद्दल माझी तक्रार नाही. तो काढण्यामागे फार सुंदर विज्ञान आहे आणि त्याबद्दल पुढे लिहिणारच आहे. तक्रार आहे ती आपण त्याला जे काम सांगतो त्याबद्दल. "आपल्याला किती भीती आहे?" या प्रश्नाचं उत्तर आपण त्या आकड्याकडे मागतो. ते त्याच्याकडे नाहीच.

यात मराठीचाही थोडा हात आहे. वर्तमानपत्रं लिहितात, "भूकंपाची तीव्रता ६.२ रिश्टर स्केल इतकी नोंदवण्यात आली." आता गंमत अशी, की भूकंपशास्त्रात दोन अगदी वेगळ्या गोष्टी मोजतात. एक म्हणजे जमिनीच्या पोटात तो भूकंप मुळात केवढा झाला. त्याला आपण परिमाण म्हणू. दुसरी म्हणजे एखाद्या ठिकाणी, तुमच्या गावात, तुमच्या घराखाली जमीन किती हादरली आणि त्यानं काय केलं. खरी तीव्रता ती. आपण पहिल्या गोष्टीचा आकडा घेतो आणि त्याला दुसऱ्या गोष्टीचं नाव देतो. मग घोटाळा होणारच.

हा घोटाळा किती महागात पडू शकतो, त्याची एक जोडी सांगते. २२ डिसेंबर २००३ रोजी कॅलिफोर्नियात सॅन सिमिऑनजवळ भूकंप झाला, परिमाण ६.५. दोन माणसं गेली, दोघीही पासो रोबल्स गावात, एक जुनी विटांची इमारत कोसळून. चारच दिवसांनी, २६ डिसेंबरला पहाटे, इराणमधल्या बम शहराला भूकंप झाला. परिमाण ६.६. तिथे २६,००० हून जास्त माणसं मेली. आकड्यात फरक एक दशांशाचा, आणि माणसांत...

तुम्ही म्हणाल, कॅलिफोर्नियातली ती जागा विरळ वस्तीची होती, आणि बमचा भूकंप थेट शहराच्या अंगणात झाला. अगदी बरोबर. शिवाय बमची घरं मातीच्या कच्च्या विटांची होती आणि लोक झोपेत होते. पण माझं म्हणणं नेमकं हेच आहे. भूकंप किती खोल, किती जवळ, खाली जमीन कसली, घर कसलं, वेळ कुठली, यातलं काहीही त्या एका आकड्यात नसतं.

मग त्यात असतं काय? त्यासाठी रिश्टरसाहेबांकडे जायला हवं.

चार्ल्स रिश्टर कॅलिफोर्नियात पासाडेनाला भूकंपांच्या नोंदी ठेवायचे. दक्षिण कॅलिफोर्नियात वर्षाला शेकडो लहानमोठे धक्के नोंदले जायचे आणि वार्ताहरांचा प्रश्न तेव्हाही तोच असायचा, हा मोठा होता का तो? तोवर भूकंपाचा मोठेपणा ठरायचा तो लोकांना काय जाणवलं यावरून. वाळवंटात झालेला मोठा भूकंप कुणाला जाणवलाच नाही तर कागदावर लहान ठरायचा. रिश्टरना लोकांवर आणि घरांवर अवलंबून नसलेलं माप हवं होतं. जपानच्या कियू वादाती यांनी अंतर वाढेल तशी जमिनीची हालचाल कशी कमी होते याचे आलेख काढले होते. ती कल्पना घेऊन, आणि सहकारी बेनो गुटेनबर्ग यांच्या सल्ल्यानं लॉगॅरिथम वापरून, रिश्टरनी १९३५ मध्ये आपलं माप प्रसिद्ध केलं. 'मॅग्निट्यूड' हा शब्द खगोलशास्त्रातून घेतला, ताऱ्यांच्या तेजाची प्रत सांगतात तो.

त्यांची कृती पाककृतीइतकी सरळ आहे. वुड-अँडरसन नावाचं एक ठराविक भूकंपमापक यंत्र घ्यायचं. भूकंपापासून १०० किलोमीटरवर त्या यंत्राच्या कागदावर रेघ १ मिलिमीटर हलली, तर तो भूकंप ३. दहा मिलिमीटर हलली तर ४. शंभर मिलिमीटर हलली तर ५. यंत्र बरोबर १०० किलोमीटरवर नसतं, म्हणून अंतराची दुरुस्ती करायची.

आणि अंतर कसं कळतं? वीज चमकते आणि गडगडाट नंतर ऐकू येतो, मधले सेकंद मोजून वीज किती लांब पडली हे आपण सांगतो ना, तसंच. भूकंपाच्या लाटांत एक वेगवान असते, आधी पोचते. दुसरी सावकाश, पण जास्त जोराने हलवणारी. दोघींच्या येण्यात जितक्या सेकंदांचं अंतर, तितके साधारण आठ-आठ किलोमीटर. तीन-चार ठिकाणांहून अंतरं काढली आणि नकाशावर वर्तुळं मारली, की ती जिथे एकमेकांना छेदतात तिथे भूकंपाचं केंद्र.

म्हणजे रिश्टर स्केल हे यंत्र नाही. ते एक गणित आहे. पाहुणे येऊन 'ते स्केल जरा दाखवा' म्हणायचे, असं खुद्द रिश्टरनीच मुलाखतीत सांगितलंय. :-)

त्यांनीच दिलेली एक उपमा मला फार आवडते. ते म्हणत, परिमाण म्हणजे रेडिओ केंद्राची किलोवॅटमधली ताकद, आणि तीव्रता म्हणजे तुमच्या घरातल्या रेडिओवर ते केंद्र किती स्पष्ट लागतं ते. आपल्या पिढीला हे वेगळं समजवायला नको. विविध भारती तेच, गाणं तेच, पण एका घरात खणखणीत आणि डोंगराआडच्या घरात नुसती खरखर. केंद्राचे किलोवॅट विचारून तुमच्या स्वयंपाकघरात गाणं कसं ऐकू येईल हे कळत नाही. ज्या माणसाच्या नावानं आपण 'किती रिश्टर' विचारतो, त्यानंच ही दोन मापं वेगळी ठेवा म्हणून बजावलं होतं!

आता थोडं आकड्यांचं गणित, कारण तिथेही आपली फसगत होते. आपल्याला वाटतं ४ आणि ६ मध्ये दोनचाच फरक. पण प्रत्येक पायरीला कागदावरची रेघ दहापट होते आणि बाहेर पडणारी ऊर्जा सुमारे ३२ पट. दोन पायऱ्या म्हणजे हजारपट. ६.२ आणि ६.४ हे आकडे शेजारी-शेजारी वाटतात, पण ऊर्जेत दुप्पट फरक आहे.

यावरून आठवलं. मी लहानाची मोठी कराडला झाले. कोयनेचे धक्के आमच्याकडे पाहुण्यांसारखे यायचे, रात्री-बेरात्री मांडणीवरची भांडी वाजायची आणि घरातलं कुणीतरी झोपेतच "कोयना हलली" म्हणायचं. त्या भागात सगळीकडे एक समजूत ऐकलीय: लहान धक्के बसतात ते बरंच आहे, जमिनीची ताकद थोडी थोडी निघून जाते, मोठा होत नाही. ऐकायला किती छान! पण हिशेब करून बघा. सहाच्या एका भूकंपाची ऊर्जा चारच्या धक्क्यांनी फेडायची तर असे हजार धक्के लागतील. तीनच्या धक्क्यांनी फेडायची तर तीस हजारांहून जास्त. कोयना कितीही हलली तरी हा हप्ता काही फिटत नाही.

बरं, रिश्टरचं मूळ माप एका जागी अडतं, आणि कुठे अडतं हे समजून घेण्यासारखं आहे. गणपतीतलं ढोल-ताशा पथक आठवा. लांबून तुम्हाला फक्त ताशा ऐकू येतो आणि त्यावरून पथक केवढं हे सांगायचंय असं समजा. दहा-वीस जणांपर्यंत अंदाज बरोबर येईल. पण पुढे पथकात शंभर ढोल वाढवले तरी ताशाचा आवाज तेवढाच, आणि तुमचा अंदाजही तेवढाच. मोठ्या भूकंपांचं तसंच आहे. साधारण सातच्या आसपास गेलं की जमिनीची भरभर थरथर फारशी वाढत नाही. वाढतात त्या संथ, लांबलचक लाटा, म्हणजे ढोल. जुनी पद्धत ताशा ऐकत बसायची आणि आकडा पुढे सरकायचाच नाही.

म्हणून १९७० च्या दशकात हिरू कानामोरी आणि टॉम हँक्स यांनी वेगळा रस्ता धरला. लाट किती उंच, यापेक्षा जमिनीत मुळात घडलं काय ते मोजायचं. खडकांची भेग किती लांबरुंद फाटली, दोन्ही बाजू एकमेकींवरून किती सरकल्या आणि खडक किती ताठ होता, या तिघांचा गुणाकार. त्यावरून येणारं ते 'मोमेंट मॅग्निट्यूड'. जगात मोठ्या भूकंपांसाठी आता तेच वापरतात. आपण मात्र अजून 'रिश्टर'च म्हणतो, ते एक असो.

या मापानं १९६० चा चिलीचा भूकंप ९.५ ठरला, यंत्रांनी नोंदलेला आजवरचा सर्वांत मोठा. २६ डिसेंबर २००४ च्या सुमात्राच्या भूकंपात सुमारे १,३०० किलोमीटर लांबीची भेग फाटली, मुंबई ते दिल्ली हवाई अंतरापेक्षा जास्त. एवढी भेग फाटायलाच आठ-दहा मिनिटं लागतात. आणि इथे आकड्याचा दुबळेपणा फार क्रूरपणे उघड झाला. हवाईच्या सुनामी केंद्राचा पंधराएक मिनिटांतला पहिला अंदाज होता ८.०. तासाभरानं ८.५. ९ च्या वरचा आकडा यायला कितीतरी तास गेले, आणि तोवर लाटा किनाऱ्यांवर पोचल्या होत्या.

जपानसारख्या भूकंपात मुरलेल्या देशातही २०११ मध्ये हेच झालं. ११ मार्चच्या भूकंपानंतर तीनच मिनिटांत त्यांचा आकडा तयार होता, ७.९. त्यावरून सुनामीचा पहिला इशारा निघाला, मियागीला ६ मीटर, इवाते आणि फुकुशिमाला ३ मीटर. प्रत्यक्षात तो भूकंप ९.० चा होता, आणि लाटा काही ठिकाणी इशाऱ्याच्या कितीतरी पट उंच आल्या. जवळची नाजूक यंत्रं एवढ्या हालचालीपुढे मोजपट्टीच्या बाहेर गेली होती. मरण पावलेले आणि बेपत्ता मिळून १८,००० हून जास्त. तीन मीटर म्हणजे आपल्या बांधापेक्षा कमीच, असा हिशेब मनात करून किती जण थांबले असतील, हा विचार माझ्या डोक्यातून जात नाही.

पुढे जपाननं काय केलं ते ऐका. २०१३ पासून, भूकंप आठच्या वरचा असण्याची शक्यता असेल तर सुनामीच्या पहिल्या इशाऱ्यात मीटरचा आकडा देतच नाहीत. शब्द देतात: 'प्रचंड'. म्हणजे, पळा. आकड्यांवर ज्यांची सगळी हयात गेली त्या माणसांनी ठरवलं की या क्षणी आकडा न सांगणं जास्त खरं आहे. मला हे फार शहाणपणाचं वाटतं.

आकड्यांवरून आपल्याकडे भांडणंही होतात. २६ जानेवारी २००१ ला भूज हादरलं तेव्हा आपल्या हवामान खात्यानं ६.९ सांगितलं आणि अमेरिकेतून आकडा आला ७.७ च्या आसपास. लगेच कुजबुज सुरू, सरकार लपवतंय. लपवण्यासारखं त्यात काही नव्हतं. एकानं एका प्रकारच्या लाटा मोजल्या, दुसऱ्यानं दुसऱ्या; तोच ताशा आणि ढोल. वेगवेगळी यंत्रं, वेगवेगळी अंतरं, वेगवेगळी सूत्रं, त्यात पहिल्या तासाची घाई. आकडे बदलतात याचा अर्थ कुणीतरी अजून मोजतंय एवढाच.

आता दुसऱ्या मापाकडे येते, ज्याला आपण विचारतच नाही. खरी तीव्रता. इटलीच्या ज्युसेप्पे मर्कॅल्ली यांच्या नावाची मोजपट्टी प्रसिद्ध आहे, एक ते बारा रोमन आकड्यांची. तिची सुधारित आवृत्ती १९३१ ची. आपल्याकडे १९६४ साली बनलेली, एमएसके नावाची, तिच्याच जातकुळीतली पट्टी वापरात आली. या पट्ट्या म्हणजे निरीक्षणांची यादी असते. टांगलेला दिवा हलला का? झोपलेली माणसं जागी झाली का? भांडी पडली का? गिलाव्याला तडे गेले का? कच्च्या घरांच्या भिंती पडल्या का, आणि पक्क्यांच्या? यात दशांश चिन्ह नाही, आणि एका भूकंपाला एकच उत्तरही नाही. केंद्राजवळ नऊ, पन्नास किलोमीटरवर सहा, दोनशेवर तीन. गावोगावचं उत्तर वेगळं.

जपानमध्ये भूकंप झाला की टीव्हीवर आधी हेच येतं: कुठल्या गावात किती 'शिंदो'. शून्य ते सात, त्यात पाच आणि सहाचे दोन-दोन भाग. १९९६ पासून हे मापही यंत्रंच देतात. परिमाणाचा आकडा त्यानंतर. तिथल्या माणसाला आधी कळतं ते आपल्या आजीच्या गावात जमीन किती हलली हे. अमेरिकेत तर लोकांनाच विचारतात: तुम्हाला जाणवला का, वस्तू पडल्या का, तुम्ही कुठल्या मजल्यावर होतात? हजारो सामान्य माणसांच्या उत्तरांतून नकाशा तयार होतो. एका अर्थानं तुम्ही-आम्हीही भूकंपमापक यंत्रंच.

न्यूझीलंडच्या क्राइस्टचर्चला हा फरक सहा महिन्यांत शिकायला मिळाला. सप्टेंबर २०१० मध्ये ७.१ चा भूकंप झाला, शहरापासून सुमारे ४० किलोमीटरवर, पहाटे. इमारतींचं नुकसान झालं, पण शहर वाचलं. मग २२ फेब्रुवारी २०११ ला भर दुपारी ६.२ चा झाला, पण शहराला अगदी लागून आणि जमेल तेवढा वर. १८५ माणसं गेली. लहान आकड्याच्या भूकंपानं मोठ्यापेक्षा शहर जास्त हलवलं. आपल्या पालघरमध्ये नोव्हेंबर २०१८ पासून डहाणू-तलासरीकडे जे धक्के सुरू झाले, ते आकड्यानं बहुतेक तीनच्या आसपासचे किंवा त्याहून लहान. लांब बसलेल्यांना हसायला काय जातं? पण ते फार खोल नव्हते. घराखालीच आवाज होऊन भिंतींना तडे जात होते, आणि माणसं थंडीत बाहेर झोपत होती.

आणि किल्लारी. त्याबद्दल लिहिताना हात थांबतो. ३० सप्टेंबर १९९३, पहाटे ३ वाजून ५६ मिनिटं. आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी, गणपती विसर्जन करून दमून झोपलेली गावं. परिमाण ६.२ ते ६.४, ज्याला विचाराल त्याप्रमाणे. सरकारी आकड्यानं जवळजवळ ८,०००, इतर अंदाजांनी १०,००० च्या घरात माणसं गेली.

सुमात्राच्या तुलनेत किल्लारीची ऊर्जा वीस हजारांश. जगात एवढे भूकंप दरवर्षी होतात, बहुतेक समुद्राखाली नाहीतर निर्जन भागात. २८ सप्टेंबर २००४ ला कॅलिफोर्नियात पार्कफील्डला ६.० चा झाला, एकही माणूस गेला नाही. मग किल्लारीत काय झालं? भूकंप उथळ होता आणि गावांच्या खालीच होता, हे एक. दुसरं म्हणजे घरं. रुंद, गोट्यांच्या आणि मातीच्या भिंती. बाहेरून एक दगडाची रांग, आतून एक, मध्ये भर. दोघींना बांधून ठेवणारा आरपार दगडच नाही. हादरा बसला की दोन रांगा एकमेकींपासून सुटतात. आणि वर लाकडावर फूट-दोन फूट मातीचं माळवद, उन्हाळ्यात घर थंड ठेवायला पिढ्यानपिढ्या टाकलेलं. भिंत सुटली, माळवद खाली आलं.

त्या वेळच्या भूकंपप्रवण क्षेत्रांच्या नकाशात किल्लारी सर्वांत कमी धोक्याच्या पहिल्या विभागात होतं. आदल्या वर्षी लहान धक्के बसून गेले होते. २००२ च्या नकाशातून तो पहिला विभागच काढून टाकला आणि लातूरचा भाग तिसऱ्या विभागात गेला.

तर, 'किल्लारीत ६.२ तीव्रतेच्या भूकंपानं हाहाकार केला' हे वाक्य आपण तीस वर्षं वाचतोय. त्यात कर्ता कोण आहे बघा. भूकंप. भिंत कुठेच नाही. माझा राग त्या शब्दावर आहे तो यासाठी. तीव्रता भूकंपाच्या नावावर लिहिली की घर सुटतं, घर बांधणारा सुटतो, परवानगी देणारा सुटतो. उरतो निसर्ग, आणि निसर्गाला कोण जाब विचारणार?

याउलट, तीव्रता म्हणजे 'या गावात, या घरांचं काय झालं' असं म्हटलं की लगेच पुढचा प्रश्न येतो: घरं वेगळी असती तर? त्या प्रश्नाला उत्तर आहे. भिंतीत ठराविक अंतरावर आरपार दगड. जोत्याला, खिडकी-दारांच्या वर आणि छताखाली घराला सगळीकडून गुंफणारा काँक्रीटचा सलग पट्टा. वर कमीत कमी वजन. साध्या दगडी घरांसाठी हे सगळं भारतीय मानकांत लिहून ठेवलेलं आहे, आणि ते मानक १९९३ चंच आहे, किल्लारीच्याच सालचं. शहरवाल्यांनीही फार हसू नये. भूज भूकंपात दोनशेहून जास्त किलोमीटरवरच्या अहमदाबादमध्ये बहुमजली इमारती बसल्या. कित्येकींच्या खाली पार्किंगसाठी नुसते खांब, वर भिंतींनी भरलेले मजले. पुण्यात फ्लॅट घेताना आपण टाइल्स बघतो, व्ह्यू बघतो. खालचे खांब कितीजण बघतात?

काही जण म्हणतील, म्हणजे तो आकडा नकोच का? हवा ना. तो नसता तर दोन भूकंपांची तुलनाच करता आली नसती, कुठली भेग किती वर्षांनी सरकते हे कळलं नसतं, सुनामीचा इशारा देता आला नसता. परिमाण हे पृथ्वीचं माप आहे आणि पृथ्वी समजून घ्यायला ते लागतं. पण घर समजून घ्यायला दुसरं माप लागतं. एवढंच म्हणणं आहे.

आता हे सगळं मी आजच का लिहितेय, तर घरातल्या घरात एक वाद चाललाय आणि त्यातली निम्मी मंडळी हे वाचतात. आमच्या चुलत भावाला पाटण तालुक्यातल्या गावच्या जुन्या दगड-मातीच्या घरावर स्लॅब टाकून मजला चढवायचाय. गणपतीला सगळे जमतात, जागा पुरत नाही, कारण अगदी खरं आहे. मी भूकंपाचं काढलं तर त्याचं उत्तर तयार: "अगं, कोयनेचे धक्के तीन-साडेतीन रिश्टरचे. घर साठ वर्षं उभं आहे."

दादा, ११ डिसेंबर १९६७ ला पहाटे चार वाजून एकवीस मिनिटांनी जो झाला तो सहाच्या वरचा होता. त्यात सुमारे १८० माणसं गेली आणि कोयनानगर जमीनदोस्त झालं. कोयनेचं धरण बांधताना भूकंपासाठी जो जोर धरला होता तो गुरुत्वाकर्षणाच्या ०.०५ पट. धरणातच बसवलेल्या यंत्रानं त्या पहाटे नोंदला ०.६ हून जास्त. बारा पट! तो आलेख जगभरचे धरण अभियंते आजही वापरतात. धरणाला भेगा गेल्या, पण ते उभं राहिलं, कारण ते बांधताना हिशेब तरी केला होता, आणि नंतर ते मजबूतही केलं. आपल्या घराचा हिशेब कुणी केलाय? तीनच्या धक्क्यात साठ वर्षं टिकलं, याचा अर्थ ते तीनच्या धक्क्यात टिकतं, एवढाच होतो. आणि तो टिकाव हलक्या कौलांखालचा आहे. जड स्लॅबखाली तीच भिंत म्हणजे किल्लारीचं माळवद.

मजला नकोच असं मी म्हणत नाही. कराडमध्ये इतके इंजिनियर आहेत, एकाला घर दाखवू. तो म्हणाला तर आधी भिंतींना पट्टे घालू, नाहीतर मागच्या परड्यात खांब-तुळयांचं नवं, हलकं बांधू. खर्च वाढेल, त्यातला वाटा मी उचलेन, वहिनीला तसं फोनवर सांगितलंय. तोवर स्लॅबचं सामान टाकू नकोस.

बाकीच्या मंडळींना एक विनंती. पुढच्या वेळी धक्का बसला की मला फोन करून 'किती रिश्टर होता गं?' विचारू नका. तो आकडा दिल्लीचं राष्ट्रीय भूकंपशास्त्र केंद्र देईलच. मला सांगा, तुमच्याकडे काय हललं. दिवा, भांडी की भिंत? आणि भिंत म्हणालात, तर ती कसली आहे तेही सांगा.